निवृत्तीचे पैसे अडकतात ते नेमके कोणत्या टेबलावर?

आस्थापना_शाखा

राज्य सरकारी कर्मचारी, जिल्हा परिषदेचे कर्मचारी आणि शिक्षक यांच्या पेन्शन केसेस सहा महिने, वर्षभर, कधी त्याहून जास्त रखडतात. त्यावर एकदा मुद्देसूद चर्चा व्हावी म्हणून हा धागा. ज्यांनी ही कागदपत्रं हाताळली आहेत त्यांनी जरूर लिहावं.

महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ वाचले तर वेळ भरपूर दिलेला आहे. दर वर्षी १ जानेवारी आणि १ जुलैला कार्यालयाने यादी करायची; त्यात पुढच्या २४ ते ३० महिन्यांत निवृत्त होणाऱ्या प्रत्येकाचं नाव असायला हवं. निवृत्तीच्या दोन वर्षं आधी कागद जमवायला सुरुवात करायची आणि सहा महिने आधी प्रकरण महालेखापाल कार्यालयाला, म्हणजे आपल्या भाषेत एजीला, गेलेलं असायला हवं. नियत वयोमानाची तारीख नोकरीच्या पहिल्या दिवसापासून ठाऊक असते, त्यामुळे 'अचानक आलं' म्हणायला जागा नाही.

माझं मत असं की उशीर एजीकडे फार कमी होतो. तो सेवापुस्तकात साचलेला असतो आणि शेवटच्या वर्षी एकदम बाहेर येतो. तुमचं निरीक्षण काय? आणि ज्यांना अजून दीड-दोन वर्षं आहेत त्यांनी आज कुठून सुरुवात करावी?

---

लाल_शाई

शंभर टक्के सहमत. त्यातही एकच जागा सांगायची तर वेतन पडताळणी पथक. पथकाचा शिक्का नसलेलं सेवापुस्तक पेन्शनसाठी पुढे जात नाही, आणि निवृत्तीला चार महिने उरले असताना पुस्तक पहिल्यांदा पथकाकडे जातं, हे आजही सर्रास घडतं.

पथक काय बघतं ते सांगतो. १ जानेवारी १९९६, १ जानेवारी २००६ आणि १ जानेवारी २०१६ या तिन्ही वेतनआयोगांची वेतननिश्चिती. प्रत्येकीचं विकल्पपत्र आणि जादा रक्कम परत करण्याचं वचनपत्र पुस्तकात चिकटवलेलं आहे का. मधल्या पदोन्नतीची वेतननिश्चिती. कालबद्ध पदोन्नती किंवा आश्वासित प्रगती योजनेचा आदेश आणि त्याची नोंद. वेतनवाढीची तारीख. मराठी-हिंदी भाषा परीक्षा उत्तीर्ण झाल्याची किंवा सूट मिळाल्याची नोंद. संगणक अर्हता वेळेत मिळवली की नाही.

यातलं एक जरी नसेल तर पुस्तक आक्षेपपत्र लावून परत येतं. मग गंमत अशी होते की ज्या कार्यालयात २००६ साली नोकरी होती तिथून विकल्पपत्राची प्रत मागवावी लागते, तिथले लिपिक तीनदा बदललेले असतात आणि गठ्ठा सापडत नाही. एका आक्षेपाला दोन-तीन महिने असे जातात. म्हणून पथकाकडे पुस्तक प्रत्येक वेतननिश्चितीनंतर लगेच जायला हवं. निवृत्तीची वाट बघण्याचं काहीच कारण नाही.

---

नवखा_कारकून

सर, आक्षेप नेमका दिसतो कसा? म्हणजे नुसतं पुस्तक चाळून आधीच ओळखता येईल का?

---

लाल_शाई

@नवखा_कारकून, बऱ्याच अंशी येतं. पुस्तक उघडून बसा आणि चार गोष्टी बघा.

पहिलं पान: जन्मतारीख अंकात आणि अक्षरात, दोन्हीकडे सारखी आहे का, खाडाखोड असेल तर तिथे कार्यालय प्रमुखाची सही-शिक्का आहे का. पांढरी शाई लावून वर लिहिलेली जन्मतारीख म्हणजे हमखास आक्षेप.

मग वेतनवाढीचा रकाना वरून खाली नुसता तारखा वाचत जा. कुठे एक वर्ष सुटलंय का, एखादी वेतनवाढ असाधारण रजेमुळे पुढे गेली असेल तर तसं कारण लिहिलंय का. सहाव्या आयोगात सगळ्यांची तारीख १ जुलै झाली आणि सातव्यात १ जानेवारी व १ जुलै अशा दोन झाल्या. त्या वळणावर चुका खूप सापडतात.

तिसरं, सेवा पडताळणीचा शेरा. "दिनांक अमुक ते अमुक या कालावधीतील सेवा वेतनदेयकावरून पडताळली" असा शेरा दर वर्षी हवा. बदली झाली त्या वर्षाचा अर्धा तुकडा बहुतेक वेळा राहून गेलेला असतो, कारण जुन्या कार्यालयाला वाटतं नवं करेल आणि नव्याला वाटतं जुन्याने केलं असेल.

चौथं, रजेचा हिशोब. तो शेवटच्या महिन्यापर्यंत ओढलेला नसेल तर रजा रोखीकरणाचं बिलच बनत नाही.

---

शाळेची_घंटा

आस्थापना सर, तुमचं मत राज्य शासनाच्या कार्यालयांना लागू पडेल. जिल्हा परिषदेचा भाग वेगळा आहे, आणि तो सेवापुस्तकावर ढकलून चालणार नाही.

जिल्हा परिषदेच्या प्राथमिक शिक्षकाची किंवा आरोग्य सेविकेची केस एजीला जातच नाही. पंचायत समितीतून ती त्या-त्या खात्याकडे जाते, तिथून वित्त विभागात, आणि मुख्य लेखा व वित्त अधिकाऱ्यांच्या स्तरावर मंजूर होते. प्रदान पुन्हा पंचायत समितीकडून. आदेश झाला तरी पैसे अनुदानावर अवलंबून. तरतूद कमी आली की आधी मासिक पेन्शन भागवली जाते आणि ग्रॅच्युइटी व अंशराशीकरणाची (पेन्शनचा काही भाग विकून एकदम घ्यायची) रक्कम पुढच्या हप्त्यावर जाते. म्हणजे हातात मंजुरीचा आदेश आहे, फाइल निर्दोष आहे, आणि तरीही खात्यात काही नाही. अशा माणसाला "सेवापुस्तक नीट ठेवायला हवं होतं" हे सांगून काय उपयोग?

खाजगी अनुदानित शाळांची वाट आणखी तिसरी. मुख्याध्यापक प्रस्ताव करतात, शिक्षण विभागाकडून तो एजीला जातो. इथे संस्थेतले वाद आडवे येतात. मुख्याध्यापकपदावरच वाद असेल तर प्रस्तावावर सही कोणी करायची इथूनच प्रश्न.

---

आस्थापना_शाखा

@शाळेची_घंटा, ताई, हा मुद्दा पूर्ण मान्य. मी राज्य कार्यालयं डोळ्यासमोर ठेवून लिहिलं होतं. अनुदानाचा उशीर आणि कागदाचा उशीर हे दोन वेगळे आजार आहेत आणि त्यांची औषधंही वेगळी. अनुदानाबाबत कर्मचाऱ्याने निदान एवढं करावं: ज्येष्ठता यादी मागावी. निवृत्तीच्या तारखेप्रमाणे प्रदान होतंय की मधले क्रम उचलले जातायत, हे त्या यादीवरून कळतं. माहितीच्या अधिकारात ती मिळते.

---

तीन_टक्के

एक फार महत्त्वाची गोष्ट अजून कोणी लिहिली नाही. "पेन्शनचे पैसे" ही एक रक्कम नाही. सगळं एकाच गाठोड्यात बांधल्यामुळे जे ताबडतोब मिळू शकतं तेही अडकून बसतं.

रजा रोखीकरण: शिल्लक अर्जित रजा, जास्तीत जास्त ३०० दिवस. मंजुरी कार्यालयाच्याच हातात. एजीचा काही संबंध नाही. मूळ वेतन अधिक निवृत्तीच्या दिवशीचा महागाई भत्ता, भागिले ३०, गुणिले दिवस. रजेचा हिशोब पूर्ण असेल तर हे बिल निवृत्तीच्या दुसऱ्या दिवशी कोषागारात जाऊ शकतं.

गटविमा: १९८२ च्या राज्य गटविमा योजनेतली बचत निधीची रक्कम. तीही कार्यालयच तक्ता बघून काढतं. अडचण एकच, वर्गणीच्या नोंदी. गट बदलला (क चा ब झाला) की वर्गणी वाढते आणि ती कुठल्या वर्षाच्या जानेवारीपासून वाढली याची नोंद पुस्तकात लागते. ती नसेल तर तक्त्याची कोणती ओळ लावायची तेच ठरत नाही.

भविष्य निर्वाह निधी: याचा प्रस्ताव पेन्शनपेक्षा वेगळा जातो. इथला उशीर म्हणजे 'मिसिंग क्रेडिट'. एखाद्या वर्षाची एक-दोन महिन्यांची वर्गणी वार्षिक विवरणपत्रात दिसत नाही. दर वर्षी पावती हातात आली की बारा महिने मोजायचे. सुटलेल्या महिन्याचा प्रमाणक (व्हाउचर) क्रमांक व दिनांक कोषागारातून काढून लगेच कळवायचा. पंधरा वर्षांपूर्वीचा प्रमाणक शोधणं म्हणजे गोदामात उतरणं.

राहिल्या तीन गोष्टी: पेन्शन, ग्रॅच्युइटी आणि अंशराशीकरण. एजीची वाट या तिघांनीच बघायची असते.

---

कोकणकडा

+१. रजा रोखीकरण आणि गटविमा "पेन्शन केस झाली की बघू" म्हणून ठेवणं हा सर्वांत अनावश्यक उशीर आहे.

---

हिशोबी

अंशराशीकरणाबद्दल लोकांचे फार गैरसमज असतात म्हणून आकडे मांडतो.

समजा अखेरचं मूळ वेतन ६८,०००. पूर्ण पेन्शन निम्मी, म्हणजे ३४,०००. त्यातला ४० टक्के भाग विकता येतो: १३,६००. ५८ व्या वर्षी निवृत्त होणाऱ्याचं पुढच्या वाढदिवसाचं वय ५९, त्याचा गुणांक ८.३७१. म्हणून १३,६०० × १२ × ८.३७१ = १३,६६,१४७ रुपये एकरकमी. पुढे दरमहा मूळ पेन्शन २०,४००, पण महागाई वाढ मात्र पूर्ण ३४,००० वर. पंधरा वर्षांनी विकलेला भाग परत सुरू.

उशिराचा परिणाम इथे कसा होतो ते बघा. एकरकमी रक्कम हातात येईपर्यंत पूर्ण पेन्शन मिळत राहते, कपात रक्कम मिळाल्यावर सुरू होते. म्हणून या रकमेच्या उशिरावर व्याज मागणं टिकत नाही. मात्र पंधरा वर्षांची मोजणीही तितकी पुढे जाते. ती तारीख आदेशावर लिहून ठेवा, घरच्यांनाही सांगून ठेवा.

आणि अर्ज! निवृत्तीनंतर एक वर्ष उलटून अर्ज केला तर वैद्यकीय तपासणी लागते. केस रखडली म्हणून अंशराशीकरणाचा अर्जही थांबवून ठेवणारे लोक असतात, त्यांचं यात नुकसान होतं. अर्ज आधीच द्यायचा, पोच घ्यायची.

---

नावात_काय

थोडं अवांतर, पण पेन्शन कागदात सर्वांत जास्त वेळ खाणारी गोष्ट: स्त्री कर्मचाऱ्यांची नावं. सेवापुस्तकात माहेरचं नाव, आधारवर सासरचं, पॅनवर नवऱ्याच्या नावाचं एकच अक्षर, बँकेत तिसरंच. सेवापुस्तकात नावबदलाची नोंद राजपत्राच्या आधारावर झालेली हवी. नुसतं लग्नाचं प्रमाणपत्र पुस्तकात लावून नोंद न करता सोडलेलं असतं.

पती-पत्नीचा एकत्र फोटो लागतो, साक्षांकित. दोन सुटे फोटो शेजारी-शेजारी चिकटवून दिलेले परत येतात. फोटोवरची सही अर्धी फोटोवर आणि अर्धी कागदावर यायला हवी. पूर्ण फोटोवर केली तर चेहरा झाकतो आणि पूर्ण कागदावर केली तर साक्षांकन धरत नाहीत.

नमुना ३ मधल्या कुटुंबाच्या तपशिलात मुलांच्या जन्मतारखा पूर्ण लिहा, नुसतं वय लिहू नका. अपंग मूल असेल तर त्याची नोंद आणि प्रमाणपत्र हयातीतच लावा. मागाहून त्या मुलाला कुटुंब निवृत्तिवेतन मिळवून देणं फार यातनांचं काम असतं. एवढं एक तरी आजच करा, कळकळीची विनंती.

---

मंडळाची_गाडी

एसटीवाल्यांचं इथे कोणी बोलत नाही. महामंडळाच्या कर्मचाऱ्याला राज्य शासनासारखी पेन्शन नाही. त्याला भविष्य निधी, १९९५ च्या योजनेची तुटपुंजी पेन्शन (त्यासाठी नमुना १०-डी), ग्रॅच्युइटी आणि रजेचे पैसे. ग्रॅच्युइटी नोव्हेंबर २०२५ पर्यंत १९७२ च्या उपदान प्रदान अधिनियमाखाली यायची (आता त्याची जागा सामाजिक सुरक्षा संहितेने घेतली आहे): शेवटचा पगार व महागाई भत्ता, गुणिले १५, भागिले २६, गुणिले पूर्ण झालेली वर्षं. आणि या कायद्यात मुदत स्पष्ट होती, ३० दिवस. त्यानंतर सरळव्याज १० टक्के. न मिळाल्यास कामगार खात्याकडे अर्ज. वकील लागतोच असं नाही.

---

हिशोबी

@मंडळाची_गाडी, चांगलं लिहिलंत. एक पुरवणी: हाच कायदा नगरपालिका-महापालिकांच्या कर्मचाऱ्यांनाही लागू असल्याचं सर्वोच्च न्यायालयाने दिल्ली महापालिकेच्या १९९८ च्या निकालात सांगितलंय. नगरपरिषदेच्या सफाई कामगारांनी हे लक्षात ठेवावं. निधी नाही ही सबब त्या कायद्यात कुठेही नव्हती.

---

वसुली_नको

लाल_शाई सरांनी पथकाच्या आक्षेपांबद्दल लिहिलं, त्याचा दुसरा भाग म्हणजे वसुली. निवृत्तीच्या तोंडावर पथक सांगतं की २००६ ची निश्चिती एका टप्प्याने चुकली, सबब इतके लाख जादा गेले, ग्रॅच्युइटीतून कापा. कर्मचारी घाबरून "कापा पण केस पाठवा" असं लिहून देतो.

लिहून देण्याआधी थांबा. सर्वोच्च न्यायालयाचा पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह हा १८ डिसेंबर २०१४ चा निकाल वाचा. वर्ग ३ आणि वर्ग ४ च्या कर्मचाऱ्यांकडून, निवृत्त झालेल्यांकडून किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून, आणि पाच वर्षांहून जुन्या जादा प्रदानाची वसुली करता येत नाही असं त्यात आहे. अर्थात कर्मचाऱ्याने खोटी माहिती दिलेली नसावी.

वेतननिश्चिती दुरुस्त होऊन पेन्शन कमी बसणं वेगळं. ती दुरुस्ती करायचा अधिकार कार्यालयाला आहे. दोन्ही गोष्टी वेगळ्या ठेवा: निश्चिती सुधारा, वसुलीला लेखी हरकत द्या.

---

लाल_शाई

@वसुली_नको, इथे मात्र सावध करतो. जे वचनपत्र मी वर सांगितलं, "जादा रक्कम गेल्यास परत करीन", ते दिलेलं असेल तर २०१६ च्या जगदेव सिंग निकालाचा आधार घेऊन कार्यालय वसुलीवर ठाम राहतं. तो निकाल अधिकाऱ्याच्या बाबतीतला होता आणि वर्ग ३ व ४ साठी मसीहच लागू राहतो असा युक्तिवाद केला जातो. पण प्रत्येक प्रकरणात सरसकट सुटका होईल असं कोणी समजू नये.

---

वसुली_नको

बरोबर. म्हणूनच "हरकत द्या" म्हटलं. गप्प बसलात तर तोही युक्तिवाद उरत नाही.

---

पणजीकर

तुलनेसाठी सांगतो. गोव्यात केंद्राचे निवृत्तिवेतन नियम चालतात आणि पेन्शनचं काम लेखा संचालनालय बघतं. राज्याच्याच खात्याकडे काम असल्यामुळे चौकशीला जाणं सोपं. केंद्र सरकारी नागरी कर्मचाऱ्यांसाठी 'भविष्य' ही ऑनलाइन प्रणाली २०१७ पासून सक्तीची आहे. प्रकरण कोणत्या टप्प्यावर आहे ते कर्मचाऱ्याला स्वतः दिसतं. महाराष्ट्रात असं काही आहे का?

---

तीन_टक्के

@पणजीकर, सेवार्थमधून, म्हणजे राज्याच्या ऑनलाइन वेतन प्रणालीतून, पेन्शन प्रकरण ऑनलाइन भरलं जातं. पण प्रणालीत भरलं म्हणजे केस गेली असं नव्हे. स्वाक्षरीचे मूळ कागद आणि सेवापुस्तक अजूनही हाताने पाठवावं लागतं. "ऑनलाइन पाठवलंय" हे उत्तर मिळालं तर जावक क्रमांक आणि दिनांक विचारायचाच. एजीची दोन कार्यालयं आहेत, मुंबई आणि नागपूर. विदर्भ-मराठवाड्याची प्रकरणं नागपूरला. चुकीच्या पत्त्यावर गेलेला गठ्ठा परत फिरायला महिना लागतो.

---

नियम_१२९

मूळ प्रश्नाकडे येण्याआधी व्याजाबद्दल लिहितो, कारण "आम्हाला कोण व्याज देणार" असं म्हणून बहुतेक जण सोडून देतात.

याच १९८२ च्या नियमांत १२९-अ आणि १२९-ब आहेत. प्रशासकीय दिरंगाईमुळे ग्रॅच्युइटी तीन महिन्यांपेक्षा उशिरा मिळाली, किंवा पेन्शन सहा महिन्यांपेक्षा उशिरा, तर भविष्य निर्वाह निधीच्या दराने व्याज देय आहे. एप्रिल २०२० नंतर हा दर ७.१ टक्के राहिला आहे. दहा लाखांची ग्रॅच्युइटी १४ महिन्यांनी मिळाली तर पहिले तीन वगळून ११ महिन्यांचं व्याज ६५,०८३ रुपये होतं. ही काही सोडून देण्याची रक्कम नाही.

ग्रॅच्युइटी हातात आल्यावर कार्यालय प्रमुखांना साधा अर्ज: निवृत्तीचा दिनांक, आपण कागद दिल्याचा दिनांक (पोच जोडून), रक्कम जमा झाल्याचा दिनांक (पासबुकाचं पान जोडून), आणि नियमाचा उल्लेख. एवढंच.

सर्वोच्च न्यायालयाने पद्मनाभन नायर प्रकरणात चाळीस वर्षांपूर्वीच सांगून ठेवलंय की पेन्शन-ग्रॅच्युइटी ही सरकारची कृपा नाही, आणि दोषी दिरंगाईवर व्याज द्यावंच लागेल. २०१३ च्या झारखंडच्या निकालात तर ती घटनेच्या कलम ३००-अ खालची मालमत्ता ठरली. मालमत्ता कोणी वर्षभर दाबून ठेवली तर आपण गप्प बसतो का?

---

शाळेची_घंटा

नियम सर, अर्ज योग्य आहे. पण व्याज मागितलं की कार्यालय "कर्मचाऱ्यानेच कागद उशिरा दिले" असं उत्तर देतं. म्हणून पोच हाच सगळ्याचा पाया. नमुना ५ भरून दिला, फोटो दिले, बँक तपशील दिला, प्रत्येक वेळी आवक शिक्का असलेली प्रत स्वतःकडे. तोंडी दिलेला कागद दिलेला नसतो.

---

कोकणकडा

आणि व्याज सरकारने दिलं तर ते शेवटी तुमच्या-आमच्याच खिशातून गेलं. जबाबदार व्यक्तीवर निश्चित झालं पाहिजे, नाहीतर कोणाला काही वाटत नाही.

---

नियम_१२९

@कोकणकडा, त्यासाठी २००५ चा बदल्यांचा आणि दिरंगाई प्रतिबंधाचा कायदा आहे, ज्याला सगळे दप्तर दिरंगाई कायदा म्हणतात. त्याच्या कलम १० प्रमाणे कोणतीही फाइल सर्वसाधारणपणे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त एका टेबलावर राहू नये. जाणूनबुजून केलेला उशीर शिस्तभंगाला पात्र. माहितीच्या अधिकारात फक्त एवढं मागा: "माझ्या निवृत्तिवेतन प्रस्तावाच्या टिप्पणीची प्रत, प्रत्येक टेबलावर आवक-जावक दिनांकासह." ३० दिवसांत उत्तर येतं आणि बऱ्याचदा उत्तराच्या आधी फाइलच हलते.

---

चौकशी_प्रलंबित

ज्यांच्यावर विभागीय चौकशी सुरू आहे त्यांचं काय? की त्यांना काहीच मिळत नाही?

---

आस्थापना_शाखा

@चौकशी_प्रलंबित, मिळतं. नियम १३० खाली तात्पुरतं निवृत्तिवेतन सुरू करता येतं, ग्रॅच्युइटी मात्र चौकशीचा अंतिम आदेश होईपर्यंत थांबते. पण चौकशी "सुरू आहे" म्हणजे दोषारोपपत्र बजावलेलं हवं. नुसती तक्रार आली, प्राथमिक चौकशी चालू आहे, एवढ्यावर ग्रॅच्युइटी रोखता येत नाही.

चौकशी नसलेल्यांनाही तात्पुरत्या पेन्शनची सोय आहे, नियम १२६. केस वेळेत होणार नाही असं दिसलं तर कार्यालय प्रमुख स्वतःच्या अधिकारात सहा महिन्यांसाठी ती मंजूर करू शकतात. ही गोष्ट कर्मचाऱ्याला कोणी सांगत नाही. निवृत्तीनंतरच्या पहिल्या महिन्यात अर्ज द्या, घरची चूल त्यावर चालते.

---

पतपेढी

ना-देय दाखल्यांबद्दल (काही देणं बाकी नसल्याचे दाखले) दोन ओळी. नियम १३२ मधली शासकीय देणी म्हणजे घरबांधणी अग्रिम, शासकीय निवासस्थानाचं भाडं, जादा वेतन वगैरे. कर्मचारी पतसंस्थेचं कर्ज ही शासकीय देणी नव्हेत. पतसंस्थेचा दाखला नाही म्हणून पेन्शन प्रस्ताव अडवणं चुकीचं आहे. निवासस्थानाचा दाखला मात्र लागतोच; राहिलाच नसाल तरी "निवासस्थान दिलेलं नव्हतं" असं प्रमाणपत्र लागतं, आणि मागच्या प्रत्येक जिल्ह्यातून.

---

२००५_नंतरचा

१ नोव्हेंबर २००५ नंतर लागलेल्यांसाठीही, म्हणजे ज्यांना जुनी पेन्शन नाही त्यांच्यासाठीही, कोणी लिहा. आमच्यातले उशिरा नोकरीला लागलेले आता निवृत्त व्हायला लागले आहेत.

---

तीन_टक्के

@२००५_नंतरचा, थोडक्यात. ३१ मार्च २०२३ च्या शासन निर्णयाने ग्रॅच्युइटी तुम्हालाही लागू झाली, म्हणजे वरचं सेवापुस्तकाचं पुराण तुम्हालाही तितकंच लागू. ग्रॅच्युइटीची कमाल मर्यादा १ सप्टेंबर २०२४ पासून १४ लाखांवरून २० लाख झाली. एनपीएसची (राष्ट्रीय पेन्शन योजनेची) रक्कम काढण्याचा अर्ज ऑनलाइन होतो पण आहरण व संवितरण अधिकाऱ्याने (पगार काढणाऱ्या अधिकाऱ्याने) तो पडताळावा लागतो. सर्वांत मोठी गळती जुन्या अंशदायी योजनेच्या काळातली: कपात झाली पण शासनाचा हिस्सा किंवा व्याज एनपीएस खात्यात वर्ग झालं नाही. ते निवृत्तीआधीच जुळवून घ्या. नंतर खातं बंद झाल्यावर ती रक्कम आणायची कुठून हा प्रश्न उभा राहतो. आणि जाहिरात १ नोव्हेंबर २००५ पूर्वीची असेल तर २ फेब्रुवारी २०२४ च्या निर्णयाप्रमाणे दिलेला जुन्या पेन्शनचा विकल्प सेवापुस्तकात नोंदवलाय का ते बघा.

---

मॅटची_पायरी

सगळं करूनही दाद मिळाली नाही तर कुठे जायचं यात लोकांची गल्लत होते. राज्य सरकारी कर्मचारी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये: मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर. जिल्हा परिषद कर्मचारी आणि शिक्षक तिथे जाऊ शकत नाहीत, त्यांना उच्च न्यायालय. मॅटची मुदत एक वर्षाची. निवेदन दिलं आणि उत्तर आलं नाही तर सहा महिने थांबून त्यापुढे एक वर्ष. निवेदनांवर निवेदनं देत तीन वर्षं घालवली की मुदतीचा आक्षेप येतो. त्याआधी जिल्ह्यात पेन्शन अदालत भरत असेल तर तिथे जरूर मांडा. संबंधित सगळी टेबलं एका खोलीत येतात, त्यामुळे "फाइल त्यांच्याकडे आहे" हे उत्तर तिथे चालत नाही.

---

नवखा_कारकून

खूप माहिती मिळाली. पण मूळ प्रश्न राहिलाच की! ज्यांना अजून दीड वर्ष आहे त्यांनी सोमवारी कार्यालयात जाऊन पहिली गोष्ट कोणती करावी?

---

लाल_शाई

सेवापुस्तक मागून घ्यावं आणि दुय्यम प्रत करून घ्यावी. दुय्यम सेवापुस्तक ठेवायचा कर्मचाऱ्याला हक्क आहे. नसेल तर प्रत्येक पानाची साक्षांकित झेरॉक्स. मूळ पुस्तक प्रवासात हरवण्याचे प्रकार घडतात आणि मग नवं पुस्तक उभं करायला वर्ष जातं. प्रत हातात आली की पथकाचा शेवटचा शिक्का कोणत्या तारखेपर्यंतचा आहे ते बघावं. त्यानंतरचं सगळं अपडेट करून पुस्तक त्याच महिन्यात पथकाकडे पाठवायला लावावं.

---

आस्थापना_शाखा

आणि पडताळणीचे सुटलेले तुकडे त्याच दिवशी कागदावर लिहून काढावेत, कुठलं कार्यालय, कुठला महिना. जुन्या कार्यालयाला पत्र कार्यालय प्रमुखाच्या सहीने जाऊ दे, पण त्याची प्रत घेऊन कर्मचाऱ्याने स्वतः जावं. वेतनदेयकाची कार्यालयीन प्रत सापडली नाही तर नियमांतच वाट आहे: कर्मचाऱ्याचं साध्या कागदावरचं लेखी निवेदन आणि त्या काळातला दुसरा पुरावा घेऊन ती सेवा मान्य करता येते. "रेकॉर्ड नाही" म्हणून केस बंद ठेवता येत नाही.

---

नवखा_कारकून

दुसरा पुरावा म्हणजे काय चालतं?

---

आस्थापना_शाखा

भविष्य निधीची त्या वर्षाची पावती सर्वांत उत्तम, कारण पगार झाल्याशिवाय वर्गणी कापली जात नाही. नसेल तर त्या काळातले बदली आदेश, हजर झाल्याचे अहवाल, रजा मंजुरीचे आदेश, हजेरीपटाचं पान, सोबत काम केलेल्या सहकाऱ्याचं लेखी निवेदन. जे मिळेल ते तारखेच्या क्रमाने लावा आणि वर एका पानाची यादी ठेवा.